मानाचं बोइंग

पोळ्याच्या दिवशी संध्याकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी अमडापूरच्या उत्तमराव पाटलांनी बोइंग ७०७ जातीचं चार इंजिनांचं प्रवासी विमान रांगेतून बाहेर काढलं आणि पुढच्या आठ विमानांना डावलून हाँगकाँगच्या जुन्या विमानतळाकडे वळवलं. नियंत्रकाने त्यांना तीनदा थांबायला सांगितलं. ते थांबले नाहीत. कोणाला इजा झाली नाही, कारण विमान, विमानतळ आणि पुढची आठ विमानं संगणकात होती. उत्तमराव स्वतः घरामागच्या सोयाबीनच्या गोदामात डाव्या खुर्चीवर बसलेले होते.

त्याच्या थोडंसंच आधी, मारुतीच्या पारासमोर दोरीला आंब्याची पानं लावून बांधलेलं पोळ्याचं तोरण तुटलं होतं. पाटलांच्या मानाच्या जोडीने सगळ्यांच्या आधी त्याखालून जायचं आणि मग गावाने, ही इथली रीत. जोडी तीच होती. कासरा मात्र पाटलांऐवजी गावातल्याच महादेवरावांच्या हातात होता.

या दोन घटनांचा एकमेकींशी संबंध आहे, याबद्दल गावात दुमत नाही. दुमत बाकी सगळ्याबद्दल आहे.

उत्तमरावांचं वय एकसष्ट. ते खऱ्या विमानात एकदाच बसले आहेत, नागपूरहून दिल्लीला, आणि त्यात त्यांना मधली खुर्ची मिळाली होती. हा अपमान ते अजून सांगतात. दोन वर्षांपूर्वी त्यांचा पुतण्या दीपक याने गोदामाच्या एका कोपऱ्यात तीन पडदे, दांडे, पेडल आणि एक दणकट संगणक मांडला. दीपक चिखलीला पदार्थविज्ञानाच्या शिकवण्या घेतो. विमानांचं वेड त्याचं, जागा, वीज आणि यंत्र काकांचं. वडिलांचे थोरले भाऊ म्हणून तो उत्तमरावांना मोठेबाबा म्हणतो. जागा त्यांची असल्यामुळे जरा जास्त वेळा म्हणतो.

आधी त्याने त्यांना आजकालचं विमान दाखवलं. उत्तमरावांनी ते अर्धा तास उडवलं आणि नापास केलं.

"याच्यात दोघंच बसतात बे," ते म्हणाले. "अन् सगळं कंप्यूटर करते. मंग हुकूम कोणाले सोडायचा?"

तेव्हा दीपकने ७०७ काढलं. जेट विमानांच्या पहिल्या पिढीतलं हे विमान. त्यात सगळे काटे आणि तबकड्या, आणि कप्तानाच्या हाताखाली सहवैमानिक आणि इंजिनं-इंधन सांभाळणारा अभियंता अशी माणसं लागतात. उत्तमरावांना विमान तिथेच पसंत पडलं. डावी खुर्ची त्यांची झाली. उजवीकडे दीपक. मागे, इंधनाच्या तबकड्यांसमोर, सून सुचिता. ती बीएस्सी आहे आणि टाक्यांतलं इंधन दोन्ही पंखांत सारखं ठेवते. विमान उडत असताना तिला सासऱ्यांच्या चहासाठी उठावं लागतं, तेवढा वेळ विमान किंचित डावीकडे कलतं.

उत्तमरावांच्या हातून विमान उतरतं. नेहमी धावपट्टीवरच उतरतं असं नाही. कैरोला ते वाळूत उतरलं, झुरिचला तळ्यात. दोन्ही वेळा धावपट्टी चुकीच्या जागी बांधल्याचं त्यांनी सांगितलं. खरी अडचण वेगळी आहे. या जुन्या इंजिनांना दांडा पुढे सारल्यावर जोर धरायला सात-आठ सेकंद लागतात. जोर हवा असेल त्याच्या आधी तो मागावा लागतो. ज्या माणसाच्या घरात पाणी मागायच्या आधी समोर येतं, त्याला हे समजावणं दीपकला जमलं नाही.

दुसरी एक गोष्ट दीपकला फार छान जमली. तो जुन्या जेट विमानांच्या शौकिनांच्या एका क्लबचा सभासद आहे. जगभरातली माणसं आपापल्या घरून एकाच आभाळात उडतात आणि नियंत्रक त्यांना इंग्रजीत रांगेने उतरवतो. त्या उच्चारांचं इंग्रजी उत्तमरावांना कळत नाही, म्हणून कानाला यंत्र लावून दीपक ऐकतो आणि मराठीत सांगतो. नियंत्रक म्हणाला, तुमचा नंबर सहावा, तर दीपक सांगायचा, "मोठेबाबा, पाटलाले आधी सोडा म्हणते."

"मंग हे पाच जण काऊन उतरून राह्यले?"

"धावपट्टी पाहाले पाठवले ते. आपल्याआधी."

उत्तमराव मान डोलवायचे. सहावे उतरायचे आणि पहिले आल्यासारखे खुर्चीतून उठायचे. असं दोन वर्षं सुरळीत चाललं. मागे बसलेल्या सुचिताच्या कानालाही यंत्र असायचं आणि तिला इंग्रजी कळतं. ती इंधनाकडे पाहत राहायची.

आता जोडीबद्दल. पोळ्याचा पहिला मान उत्तमरावांच्या घराण्याकडे त्यांच्या आजोबांच्याही आधीपासून आहे. बैल मात्र आठ वर्षांपासून नाहीत. ट्रॅक्टर आला तेव्हा त्यांनी बैल विकले. त्यानंतर पोळ्याच्या सकाळी महादेवराव आपली जोडी, लाल्या आणि कबऱ्या, पाटलांच्या अंगणात आणून बांधतात. महादेवरावांचं घर भाजीपाला पिकवणारं. वांग्या-मिरचीच्या सऱ्यांत ट्रॅक्टर फिरत नाही, म्हणून त्यांच्याकडे बैल टिकले. पाटलांच्या घरी शिंगांना बेगड लागते, पाठीवर पाटलांची झूल चढते, उत्तमराव कासरा धरतात, जोडी तोरण तोडते आणि रात्री पुरणपोळी खाऊन आपल्या खऱ्या गोठ्यात परत जाते. बदल्यात पाटलांचा ट्रॅक्टर महादेवरावांची कांद्याची पट्टी नांगरून देतो. गावात हे सगळ्यांना माहीत आहे, म्हणून कोणी बोलत नाही.

यंदा क्लबचा हाँगकाँगचा सोहळा नेमका पोळ्याच्या संध्याकाळी आला. डोंगराच्या अंगावर रंगवलेल्या लाल-पांढऱ्या चौकड्यांकडे सरळ जायचं, शेवटच्या क्षणी उजवीकडे वळायचं आणि घरांच्या गच्च्यांवरून धावपट्टीवर उतरायचं, अशी त्या विमानतळाची ख्याती. तो विमानतळ खऱ्या जगात कधीच बंद झाला. बँकॉकहून बावीस विमानं निघणार होती. हे उड्डाण पूर्ण झालं की दीपकला क्लबकडून कप्तानाचा दर्जा मिळणार होता, कारण क्लबच्या दप्तरी विमान त्याच्याच नावावर आहे. ही गोष्टही त्याने मोठेबाबांना सांगितली नव्हती.

तारीख बदला, त्या दिवशी आमच्याकडे बैलांचा सण असतो, असं दीपकने क्लबला कळवलं. बैलांना शुभेच्छा, असं उत्तर आलं. तारीख तीच राहिली.

"दोन्ही होते," उत्तमराव म्हणाले. "पावणेसहाले उतरतो, सव्वासहाले तोरणाखाली. आपल्याआधी तिथं कोण जाते?"

"बैल कोण धरीन तवरोक?" पत्नी गोजरबाईंनी विचारलं.

"हर्षल आहे ना. महादेव आहे."

"म्हणजे बैल त्याचे, हातही त्याचेच. तुमचं काय आहे मंग?"

"मान आहे."

गोजरबाई पुरण वाटायला निघून गेल्या.

विमान बँकॉकहून वेळेवर निघालं. उत्तमरावांनी फेटा बांधला होता, उतरल्यावर लगेच जाता यावं म्हणून. फेट्यावर कानाचं यंत्र बसलंही नसतं, त्यामुळे त्या दिवशीही ते पूर्णपणे दीपकच्या भाषांतरावर होते. व्हिएतनामचा किनारा मागे पडला, समुद्र आला, आणि हाँगकाँगच्या अलीकडे एका छोट्या बेटावर नियंत्रकाने सगळ्यांना घिरट्या घालायला लावल्या. नियंत्रकाचं नाव कीथ. ते इंग्लंडमधल्या केंटचे निवृत्त पोस्टमास्तर आहेत आणि कधी आवाज चढवत नाहीत. त्यांनी सांगितलं, तुमचा नंबर नववा.

"काय म्हणते?"

"पाटील आले, बरं झालं म्हणते," दीपक म्हणाला. "एक चक्कर मारा, तवरोक सगळं तयार करतो म्हणते."

चक्कर झाली. दुसरी झाली. मुलगा हर्षल याचा फोन पाराजवळून आला. सुचिताने तो स्पीकरवर टाकला. मागे डफडं वाजत होतं.

"बाबा, कुठंसे आहा?"

"हाँगकाँगवर."

"ते माहीत आहे. येऊन राह्यले का?"

"आलोच. या बेटाले एक चक्कर मारतो अन् आलो."

"मघाही एकच म्हणे तुम्ही."

फोन महादेवरावांनी घेतला. "राम राम, पाटील. लाल्या काही थांबत नाही. डफडं वाजलं का त्याले वाटते निघायचं. आठ वर्साची सवय आहे."

"थांबव त्याले."

"मी थांबवतो हो. पण बैलाले कोण सांगीन का पाटील आभायात आहे म्हणून?"

मागे कोणीतरी झडती म्हणायला सुरुवात केली होती. पोळ्याला तोरणाशी म्हटली जाणारी ही गाणी कोणाची भीडभाड ठेवत नाहीत, आणि फोन चालूच होता:

"खाली उभी जोडी, वर फिरे धनी,
झूल पाटलाची अन् बैलाले नाही पाणी!
सांगा पाटलीणबाई, कोणतं हे गाव,
आभायात मुक्काम अन् जमिनीवर नाव!"

त्यावर गावाने "हर बोला, हर हर महादेव" असा गजर केला. तो इतका मोठा होता की फोन फाटल्यासारखा वाजला आणि बंद पडला.

"कोण होता बे थो?" उत्तमरावांनी विचारलं.

"लाइन खराब होती, मोठेबाबा. ओळखू नाही आलं," दीपक म्हणाला. सवयीचा परिणाम.

पुढे जे घडलं त्याबद्दल महादेवरावांचं म्हणणं असं, की आपण कासरा घट्ट धरून होतो, गजर झाला आणि बैल निघाले. लाल्या-कबऱ्याला मान कोणाचा हे कोणी कधी सांगितलेलं नाही. डफडं, गजर, मग तोरण, एवढंच त्यांना माहीत. महादेवराव त्यांच्यामागे ओढले गेले. ओढले जाताना त्यांचा दुसरा हात मिशीवर होता, असं पाहणारे सांगतात. महादेवराव म्हणतात, आंब्याचं पान ओठावर पडलं होतं, ते काढत होतो.

गोजरबाई ओवाळणीचं ताट घेऊन गोदामाच्या दारात आल्या.

"बैल गेले."

"कुठं गेले?"

"तोरणाखालून. आता घरोघर फिरून राह्यले. अंगावर तुमची झूल आहे, शिंगाले तुमची बेगड आहे. तुम्ही सोडून सगळं आहे."

उत्तमराव पडद्याकडे वळले. पडद्यावर बेट, समुद्र आणि वर-खाली थरांत फिरणारी विमानं होती. मग त्यांनी शांतपणे विचारलं, "दीपक, इथं आपल्यापुढे कोण आहे?"

"इथं? कोणीच नाही, मोठेबाबा. ते फक्त धावपट्टी..."

"आठ जण," सुचिता तबकड्यांवरून नजर न काढता म्हणाली. "आपला नंबर नववा आहे, मामाजी. आल्यापासून नववाच आहे."

तिने हे का सांगितलं, याचं उत्तर तिने नंतर एकदाच दिलं. चुलीवर पुरण होतं आणि दोन्हीपैकी काहीतरी एक संपायला हवं होतं.

"तिथं मान गेला," उत्तमराव म्हणाले. "इथं नाही जाऊ देत." आणि त्यांनी विमान वळवलं.

पुढे नियमाने येणाऱ्या आठ विमानांमध्ये जी पांगापांग झाली, तिचं सविस्तर वर्णन क्लबच्या सभासदांनी एकमेकांना लिहून कळवलं आहे. दोन विमानं समुद्राकडे पळाली. एका पोर्तुगीज बाईंनी आपलं कॅरव्हेल विमान ढगात नेलं आणि चुकून मकावच्या दिशेने बाहेर काढलं. कीथ एकाच पट्टीत बोलत होते.

"काय म्हणते थो?"

"परत फिरा म्हणते."

"आधी काय म्हणत होता?"

"आधीपासून हेच म्हणून राह्यला, मोठेबाबा." दीपकने दोन वर्षांत केलेलं हे पहिलं शब्दशः भाषांतर. "दोन वर्सापासून."

उत्तमरावांनी त्याच्याकडे पाहिलं. हे पाहणं महागात पडलं, कारण तेवढ्यात चौकड्यांचा डोंगर पडदाभर झाला होता. त्यांनी विमान उजवीकडे पाडलं, ते वळलं आणि खाली बसायला लागलं. गच्च्या वर येऊ लागल्या. गच्च्यांवर वाळत घातलेले कपडे दिसू लागले. उत्तमरावांनी चारही दांडे पुढे सारले. इंजिनांनी हुकूम ऐकला आणि नेहमीप्रमाणे विचार करायला वेळ घेतला.

"दे ना जोर!" उत्तमराव ओरडले. "काऊन देत नाही बे?"

"आधी मागायचा असते!" दीपकही ओरडला.

आणि सगळं थांबलं. आवाज बंद, काटे बंद, विमान गच्च्यांच्या वर, उजवा पंख खाली आणि डावा वर, अधांतरी. कोणीतरी कळफलकावरचं विरामाचं बटण दाबलं होतं.

ते कोणी दाबलं याचा निकाल लागलेला नाही. उत्तमराव म्हणतात, दीपकने. दीपक म्हणतो, मोठेबाबांच्या फेट्याचा शेमला कळफलकावर पडला. सुचिता म्हणते, आपण पुरणाकडे गेलो होतो. ती गेली तेव्हा विमान हलत होतं की थांबलं होतं, हे ती सांगत नाही. विराम घेतला की क्लबशी असलेला संपर्क तुटतो, त्यामुळे हाँगकाँगच्या आभाळातून ते विमान नाहीसं झालं आणि फक्त गोदामात उरलं.

उत्तमराव पारावर पोचले तेव्हा तिथे तुटलेल्या दोरीचा एक तुकडा आणि बंदोबस्ताचे दोन पोलीस होते. उत्तमरावांनी ज्येष्ठांना बोलावून तोरण पुन्हा बांधायला सांगितलं. ज्येष्ठांनी विचार केला. एकदा तुटलेलं तोरण त्याच दिवशी दुसऱ्यांदा बांधता येतं की नाही, हे कोणालाच ठाऊक नव्हतं. तशी वेळ कधी आली नव्हती.

"बांधा ना," महादेवराव म्हणाले. "मले काही नाही. पण जोडी दमली आता. पाटलानं आपली आणावी."

यावर बरेच जण दुसरीकडे पाहू लागले. एकाने ट्रॅक्टरची सूचना केली. ट्रॅक्टरला मान असतो का, यावर नऊपर्यंत चर्चा झाली आणि पुढच्या वर्षीचा मान कोणाचा हा प्रश्न दसऱ्यानंतरच्या बैठकीवर ढकलण्यात आला. लाल्या आणि कबऱ्या त्या रात्री पाटलांकडे पुरणपोळी खायला गेले, कारण आदल्या दिवशी हळद-लोण्याने खांदे मळताना त्यांना रीतसर आवतण दिलं होतं. गोजरबाईंनी त्यांना ओवाळलं. उत्तमराव आतल्या खोलीत होते.

गोदामातलं यंत्र त्यांनी बंद करू दिलं नाही. दीपकने समजावून पाहिलं. विमान पुढे चालू केलं तर ते गच्चीवर आदळेल, आणि समजा वाचलं तरी बाकीचे एकवीस जण उतरून गेले आहेत, म्हणजे आपण बाविसावे.

"नाही उतरलं तर?"

"तर कितवंच नाही."

"मंग राहू दे," उत्तमराव म्हणाले.

वीज गेली तरी यंत्र चालावं म्हणून त्यांनी इन्व्हर्टरला दोन बॅटऱ्या वाढवल्या. दीपकचा कप्तानाचा दर्जा त्याच आभाळात लटकला आहे. क्लबने उड्डाण अपूर्ण धरलं आहे, अपघात धरलेला नाही, आणि पूर्ण करायला मुदत दिली आहे. तसं कळवणाऱ्या पत्रात कीथ यांनी एक खुलासाही केला. रांगेतला बाकीचा क्रम वेग आणि इंधन पाहून लावतात. पण पहिला उतरायचा मान क्लबच्या स्थापनेपासून कॉमेट या विमानाचा आहे, कारण प्रवासी घेऊन उडणारं जगातलं पहिलं जेट तेच. ते कोण चालवतं हे पाहिलं जात नाही. सध्या मेलबर्नचे एक दंतवैद्य चालवतात.

दीपकने हे पत्र पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत जसंच्या तसं वाचून दाखवलं. उत्तमरावांनी ते दोनदा ऐकलं.

"म्हणजे तिथंही मानाचं असते."

"हाव."

"अन् थे चालवणारा कोणीही असो."

"कोणीही."

"आधी सांगायचं ना बे हे. मी जाऊ दिलं असतं त्याले." ते उठून गोदामाच्या दारापर्यंत गेले, बाहेर सोयाबीनने भरलेल्या ट्रॉलीकडे पाहिलं आणि परत आले. "त्या डॉक्टरले लिही. म्हणा, एका दिवसासाठी कॉमेट देतो का. पुढच्या साली. झूल आपली चढवू."

"विमानाले झूल कशी चढवता, मोठेबाबा?"

"नाव लिहू आपलं. लिही तू."

दीपकने लिहिलं. बदल्यात काय देणार, हा प्रश्न दंतवैद्य विचारतील असं त्याला वाटतं, आणि मेलबर्नला ट्रॅक्टर पाठवता येणार नाही हे त्याने मोठेबाबांच्या कानावर घातलं आहे. महादेवरावांची कांद्याची पट्टी यंदा अजून नांगरलेली नाही. महादेवरावही मागायला आलेले नाहीत. ते एकदाच गोदामात येऊन गेले, उत्तमराव घरी नसताना. त्यांनी पडद्यावरचं तिरपं विमान आणि गच्च्यांवरचे कपडे बराच वेळ पाहिले आणि सुचिताला विचारलं, "किती दिवस राह्यते हे असं?"

"वीज आहे तवरोक," ती म्हणाली.

यंदाच्या सोयाबीनची पोती गोदामाच्या तीन भिंतींशी लागली आहेत. चौथ्या भिंतीशी यंत्र आहे, त्यामुळे उरलेली पोती ओसरीत ठेवली आहेत. दसऱ्यानंतरची बैठक एकदा पुढे गेली. मेलबर्नहून उत्तर आलेलं नाही.